थिजलेली चित्रे

तोफा थंडावतात, तह होतात, माणसे घरी परततात. पण युद्ध त्यांच्या मनातून परततेच असे नाही. १९१५ साली ब्रिटिश डॉक्टर चार्ल्स मायर्स यांनी सैनिकांच्या या अवस्थेविषयी लिहिताना ‘शेल शॉक’ हा शब्द वैद्यकीय लिखाणात आणला. दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४६ साली, जॉन ह्यूस्टन यांनी अशा सैनिकांवरील उपचारांचा ‘लेट देअर बी लाइट’ हा माहितीपट अमेरिकन सैन्यासाठी तयार केला. सैन्याने तो ३० हून अधिक वर्षे दडवून ठेवला. या व्याधीला आजचे अधिकृत नाव अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांनी दिले ते १९८० साली.

नाव मिळण्यापूर्वीच एका फ्रेंच लघुपटाने तिचे अंतरंग उघडे केले होते. ख्रिस मार्कर यांचा ‘ला जेते’ १९६२ सालचा. जेमतेम २८ मिनिटांचा हा चित्रपट जवळजवळ सर्वस्वी स्थिर छायाचित्रांचा आहे. तिसऱ्या महायुद्धात पॅरिस बेचिराख झाले आहे. तळघरात कोंडलेल्या एका कैद्याला लहानपणी ओर्ली विमानतळावर पाहिलेले दृश्य सोडीत नाही : एका स्त्रीचा चेहरा आणि एका माणसाचा मृत्यू. या हट्टी स्मृतीमुळेच प्रयोग करणारे त्याला निवडतात आणि भूतकाळात पाठवितात.

निरोगी आठवण वाहते, कालांतराने फिकट होते. आघाताची आठवण मात्र थिजते आणि पुनःपुन्हा तशीच समोर उभी राहते. मार्कर यांनी हा रोग शब्दांनी समजावला नाही. थिजलेल्या चित्रांतून तो आपल्याला भोगायला लावला. केवळ एकदाच पडदा हलतो. निजलेली ती स्त्री डोळे उघडते आणि आपल्याकडे पाहते. प्रेमाच्या त्या क्षणापुरता काळ पुन्हा वाहू लागतो.

शेवटी तो कैदी त्याच विमानतळावर तिच्याकडे धावत जातो आणि गोळीला बळी पडतो. लहानपणी पाहिलेला मृत्यू त्याचा स्वतःचाच होता.

आम्हांला अधिक अस्वस्थ करते ते निराळेच. त्या माणसाचा आवाज चित्रपटभर आपल्याला ऐकू येत नाही. त्याची कथा निवेदक सांगतो. त्याच्या स्मृतीचा उपयोग सर्वांनी करून घेतला, तिच्याविषयी त्याला प्रेमाने विचारले मात्र कोणी नाही. दंगल, अपघात वा भूकंप पाहून गप्प झालेली माणसे आपल्याही घरांत असतात. ‘विसरून जा’ असे आपण त्यांना सहज सांगतो. त्याऐवजी त्यांच्याशेजारी बसून, ती बोलतील तेव्हा ऐकण्याची तयारी आपण ठेवू या.