नाक्यावरचा डाव आणि परवलीची खोली
खाजगी खेळाच्या मराठी परिभाषेचा ऐतिहासिक विचार

चार मित्रांनी आपापसांत ठरवून, परक्याला मज्जाव करून खेळावयाचा सामना ही संगणकयुगाची निर्मिती आहे, असा समज आज सर्वत्र आढळतो. भ्रमणध्वनीवर एखाद्या मुलाने 'रूम' उघडावी, तिचा क्रमांक व परवलीचा शब्द तीन-चार सोबत्यांना कळवावा आणि ठरल्या वेळी सर्वांनी आपापल्या घरी बसून एकाच डावात उतरावे, हा प्रकार बाह्यतः अगदी नवा दिसतो, हे खरे. तथापि या प्रकाराभोवती जी भाषा वावरते तिची छाननी केली असता त्यातील बहुतेक व्यवहार जुने असल्याचे ध्यानात येते. खेळात कोणास घ्यावे, कोणास वगळावे, नियम कोणी ठरवावे आणि तंटा उपस्थित झाल्यास शब्द कोणाचा मानावा, हे चार प्रश्न प्रत्येक खाजगी डावाच्या मुळाशी असतात. नवीन आहे तो पाचवा प्रश्न : डाव ज्या जागेत मांडला ती जागा कोणाची? प्रस्तुत निबंधात ठाण्याच्या टेंभी नाक्यासारख्या वस्तीचा संदर्भ घेऊन या पाचव्या प्रश्नाचा विचार करावयाचा आहे.

१. नाका या शब्दाचे दोन अर्थ

'नाका' म्हणजे रस्त्याच्या तोंडाशी असलेली जकातीची वा पहाऱ्याची चौकी. येणाऱ्या-जाणाऱ्यास अडवावे, त्याची विचारपूस करावी, मग त्यास आत सोडावे, हे नाक्याचे मूळ कार्य. कालांतराने चौक्या गेल्या व नावे मागे राहिली. ठाणे शहरातच कोर्ट नाका, तीन हात नाका, टेंभी नाका अशी नावे रूढ आहेत, आणि आज त्यांचा बोध 'चार रस्ते मिळतात ती जागा' एवढाच होतो. या अर्थांतरातून शब्दास आणखी एक छटा प्राप्त झाली. 'नाक्यावर भेटू', 'नाक्यावरची मुले' या प्रयोगांत नाका म्हणजे मित्रांची जमण्याची जागा. जेथे लोकांना अडविले जाई तेथेच लोक जमू लागले. आणि अडविणे व जमविणे या दोन्ही क्रिया खाजगी खेळात एकत्र येतात.

टेंभी नाक्याची महाराष्ट्रातील ख्याती सार्वजनिक खेळाची व उत्सवाची आहे. आनंद दिघे यांच्या पुढाकाराने तेथे रुजलेली दहीहंडी आणि नवरात्रोत्सव यांमुळे हे नाव ठाण्याबाहेरही परिचित झाले. हंडीच्या दिवशी नाका सर्वांस मोकळा असतो. कोणत्याही पथकाने यावे, थर रचावे, हजारोंनी पाहावे. परंतु त्या पथकाचा जन्म मात्र एखाद्या गल्लीत, एकमेकांस ओळखणाऱ्या मुलांच्या सरावात झालेला असतो. सार्वजनिक सामन्याच्या मागे असा एक खाजगी डाव नेहमीच उभा असतो, आणि इतिहासात नोंद होते ती मात्र केवळ पहिल्याची.

२. जुनी परिभाषा : भिडू, राज्य, कच्चा लिंबू

अंगणातील व गल्लीतील मराठी खेळांची परिभाषा पाहिली, तर तिचा मोठा भाग खेळण्याच्या क्रियेविषयी नसून खेळणाऱ्यांच्या परस्पर कराराविषयी आहे, असे दिसते. 'भिडू' म्हणजे आपल्या बाजूचा जोडीदार. 'भिडणे' या धातूशी त्याचे नाते उघड आहे, आणि त्या धातूत जवळ येणे व झुंजणे असे दोन्ही अर्थ नांदतात. 'चकणे' किंवा 'सुटणे' म्हणजे तळहात पालथे-उताणे टाकून पहिले राज्य कोणावर येणार हे ठरविण्याची रीत. 'राज्य येणे' हा प्रयोग तर विशेष लक्षणीय आहे. ज्याच्यावर राज्य येते त्यास इतरांच्या मागे धावावे लागते. त्याचे राज्य हे ओझे असते, आणि ते दुसऱ्यावर टाकण्यासाठीच त्याची सारी धडपड चाललेली असते. खेळातील राज्य असे फिरते व अल्पायुषी आहे.

'कच्चा लिंबू' अथवा 'लिंबूटिंबू' ही याच व्यवस्थेची आणखी सूक्ष्म निर्मिती होय. धाकट्या भावंडास खेळात घ्यावयाचे, पण त्याच्यावर राज्य येऊ द्यावयाचे नाही, असा हा ठराव. 'टाईमप्लीज' हा इंग्रजीतून आलेला शब्द उच्चारताच धावणारा थांबतो. कोणाची चप्पल तुटली, कोणाच्या आईने हाक मारली, एवढे कारण पुरते. हरू लागताच तक्रार काढणाऱ्यासाठी 'रडीचा डाव' ही शिवी सिद्ध आहे. या एकाही शब्दामागे पंच नाही, लेखी नियम नाहीत. डाव चालतो तो शब्दावर, आणि शब्द मोडणाऱ्यास दुसऱ्या दिवशी खेळावयास कोणी बोलावीत नाही, हीच त्याची शिक्षा.

लेखी नियमांची गरज निराळ्या परिस्थितीत उत्पन्न होते. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने १९१४ साली खो-खोचे नियम बांधले, ते परस्परांस अपरिचित असे संघ समोरासमोर येऊ लागले म्हणून. गल्लीतील खो-खोस त्यांची आवश्यकता कधी भासली नव्हती. लोककथेतील खाजगी डावही शब्दावरच बांधलेला आहे. जेजुरीच्या खंडोबाने म्हाळसेबरोबर सारीपाट मांडला, तो पण हरला आणि ठरल्याप्रमाणे बारा वर्षे घराबाहेर राहून त्याने बाणाईच्या घरी चाकरी केली, असे कथा सांगते. तेथे साक्षीदार नाही, दंडही नाही. देव असूनही त्यास डावातील शब्द पाळावा लागला, हेच त्या कथेचे मर्म होय.

खेळाचे शब्द परके असले तरी ते विनासायास स्वीकारले जातात, याचा सर्वांत जुना पुरावा विटीदांडूत आहे. वकट, लेंड, मूंड, नाल ही मोजणी गावोगाव थोड्याफार फरकाने आढळते. तेलुगूतील ओकटि, रेंडु, मूडु, नालुगु या संख्यावाचकांशी तिचे साम्य स्पष्ट आहे. पिढ्यान्पिढ्या मराठी मुले एका द्राविडी भाषेत मोजत आली आणि आपण परभाषा बोलतो आहोत अशी शंकाही त्यांना आली नाही. आजच्या 'रूम', 'लॉबी', 'स्क्वाड' या शब्दांकडे पाहताना हे उदाहरण दृष्टीआड करता कामा नये.

३. जागेची मालकी : तारेपासून सर्व्हरपर्यंत

संगणकावरील खाजगी सामन्याचा आरंभही याच शब्दावरच्या व्यवहारात झाला. १० डिसेंबर १९९३ रोजी अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या 'डूम' या खेळात एकाच कचेरीतील वा वसतिगृहातील चार संगणक तारेने जोडून चौघांस एकत्र खेळता येई. किती जण खेळणार हे आरंभीच ठरवावे लागे आणि डाव सुरू झाल्यावर पाचव्यास प्रवेश नसे. सर्व यंत्रे एकमेकांच्या चालीची वाट पाहत. एकाचे यंत्र मंदावले की चौघांसही थांबावे लागे. तांत्रिकदृष्ट्या हा दोष होय. परंतु नाक्यावरच्या डावाशी त्याचे साम्य विलक्षण आहे. १९९६ सालच्या 'क्वेक'ने ही समता मोडली. एक यंत्र यजमान झाले व बाकीची पाहुणी झाली. डावात मध्येच येणे-जाणे शक्य झाले. 'हाफ-लाइफ' या खेळावर बेतून १९९९ साली तयार झालेल्या 'काउंटर-स्ट्राइक'ने हीच रीत जगभर नेली.

भारतात सामान्य ग्राहकांस इंटरनेट उपलब्ध झाले ते १५ ऑगस्ट १९९५ रोजी. पुढील दशकात ठाणे, कल्याण, डोंबिवली येथील सायबर कॅफेंत शाळकरी व महाविद्यालयीन मुले तासाच्या भाड्याने बसून काउंटर-स्ट्राइक खेळू लागली. या खेळास बाहेरच्या जाळ्याची गरजच नव्हती. दुकानातील एका यंत्रावर सर्व्हर चालू करावा, नकाशा निवडावा, हवा तर परवलीचा शब्द ठेवावा आणि बाजूच्या खुर्च्यांवरील मुलांनी त्यात शिरावे. 'परवल' हा मराठीत मुळी पहाऱ्यावरचाच शब्द; रात्री चौकीवरील शिपायाने तो विचारावयाचा. दुकान दुसऱ्याचे असले तरी तासापुरती खोली खेळणाऱ्यांची होती, आणि तंटा झाला तर तो हाताच्या अंतरावर मिटविता येत असे.

यानंतरच्या दशकात ही खोली हळूहळू खेळणाऱ्यांच्या हातून निसटली. १९९८ सालच्या 'स्टारक्राफ्ट'मध्ये स्थानिक जाळ्यावर खेळण्याची सोय होती; २०१० साली आलेल्या त्याच्या दुसऱ्या भागात कंपनीने ती काढून टाकली, आणि एकाच खोलीत बसलेल्या दोन मित्रांनाही परस्परांशी खेळण्यासाठी कंपनीच्या सर्व्हरवरून जावे लागले. अनेक खेळांच्या जुळवाजुळवीची सेवा पुरविणारी 'गेमस्पाय' ही संस्था ३१ मे २०१४ रोजी बंद पडली, तेव्हा खेळ विकत घेतलेले लोक खेळासह घरी राहिले, पण एकत्र जमण्याचा मार्ग बंद झाला.

४. टेंभी नाका : २०२०

ठाणे महानगरपालिका १९८२ साली अस्तित्वात आली. पुढील काळात जुन्या शहरातील कुटुंबे घोडबंदर रस्त्यावरील संकुलांत, कळव्यास, डोंबिवलीस पांगली. नाका तेथेच राहिला. नाक्यावरची मुले मात्र दूर गेली. ५ सप्टेंबर २०१६ रोजी जिओची सेवा सुरू झाल्यावर डेटा स्वस्त झाला, आणि मार्च २०१८ मध्ये 'पबजी मोबाइल' आला. त्यात शंभरापर्यंत खेळाडूंची स्वतंत्र 'कस्टम रूम' उघडता येई. मात्र त्यासाठी 'रूम कार्ड' नावाचा परवाना खेळातून मिळवावा वा विकत घ्यावा लागे. मित्रांना आपापसांत खेळण्यासाठी परवाना लागावा, ही नाक्याच्या मूळ अर्थाकडे घेतलेली फेरीच होय : जमण्याच्या जागी पुन्हा जकात आली.

२५ मार्च २०२० पासून देशभर टाळेबंदी लागू झाली. त्या काळात सर्वांत अधिक उघडल्या गेलेल्या खोल्यांत शेजारच्या नव्या मुंबईतील गेमशन टेक्नॉलॉजीज या कंपनीने २०१६ साली काढलेल्या 'लुडो किंग'चा समावेश होतो. लूडोचे पेटंट १८९६ साली इंग्लंडात घेतले गेले असले, तरी त्याचे मूळ भारतीय पचीसीत आहे, आणि आपल्या सारीपाटाचे घराणेही तेच. एकाने खोली तयार करावी, यंत्राने दिलेले संकेताक्षर व्हॉट्सॲपवर पाठवावे, इतरांनी ते भरून आत यावे, एवढाच विधी. पांगलेले घर पुन्हा एका पटाभोवती बसले. येथेच जुन्या परिभाषेचे सामर्थ्य प्रत्ययास येते. यंत्रास कच्चा लिंबू ठाऊक नाही. सहा वर्षांच्या नातवाची सोंगटी त्याच्या लेखी आजोबांच्या सोंगटीइतकीच मारण्याजोगी आहे. ती मारावयाची नाही हे ठरते ते दुसऱ्या कानाला लावलेल्या फोनवर, तोंडी. यंत्राच्या नियमांवर मित्रांचा वा घराचा नियम असा वरून पांघरला जातो, आणि सामना 'खाजगी' होतो तो संकेताक्षरापेक्षा या पांघरुणामुळे.

सर्वच करार मात्र असे पांघरता येत नाहीत. पबजीतील आकसत जाणारे वर्तुळ टाईमप्लीज म्हटल्याने थांबत नाही. कारण घड्याळ सर्व्हरचे आहे. हरताना 'नेट गेले' म्हणणारा खरा की रडीचा, हे त्याचा चेहरा दिसत नसल्याने ठरविता येत नाही. आणि ज्याने खोली उघडली तो यजमान कोणासही बाहेर काढू शकतो. त्याच्याकडे आलेले हे राज्य ओझे नसून अधिकार आहे, आणि ते डाव संपेपर्यंत फिरत नाही.

त्याच वर्षी १२ ऑगस्ट रोजी दहीहंडी होती; साथीमुळे टेंभी नाक्यावर नेहमीची हंडी लागली नाही. तीनच आठवड्यांनी, २ सप्टेंबर २०२० रोजी, केंद्र शासनाने माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ६९-अ कलमान्वये ११८ उपयोजनांवर बंदी घातली, त्यांत पबजी मोबाइल होता. ३० ऑक्टोबरला त्याची भारतातील सेवा पूर्णतः थांबली. रस्त्यावरचा नाका आणि पडद्यावरची खोली एकाच ऋतूत बंद झाली. पैकी नाका साथ ओसरताच पुन्हा भरला, कारण तो रस्ता होता. खोलीचे तसे नव्हते. 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' या नव्या नावाने ती २ जुलै २०२१ रोजी उघडली, जुलै २०२२ अखेर तो खेळ विक्रीस्थळांवरून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये खेळण्याच्या वेळेवर मर्यादा घालून परत आला. या निर्णयांमागील सुरक्षिततेची कारणे हा स्वतंत्र विषय आहे. परिभाषेच्या अभ्यासकास त्यातून एवढेच दिसते, की खेळातील 'राज्य' आणि शासनाचे राज्य हे दोन अर्थ, जे अंगणात कधी एकमेकांस भेटले नव्हते, ते येथे समोरासमोर आले.

५. समारोप

आज ठाणे-डोंबिवलीच्या तरुणांच्या बोलण्यात 'रूम बनव', 'आयडी-पास टाक', 'मला किक केले' असे प्रयोग सहज येतात. त्यांत नामे इंग्रजी असली तरी क्रियेचा भार बनवणे, टाकणे, करणे हे मराठी धातू वाहतात. आणि 'रूम' स्त्रीलिंगी झाली ती उघडच 'खोली'च्या मागोमाग. हे शब्द वकट-लेंडाप्रमाणे रुजतील की दहा वर्षांत लुप्त होतील, हे आज सांगणे अवघड आहे. परंतु त्यांच्या नोंदीचे काम विलंब सोसणारे नाही. सारीपाटाचे पट आणि सोंगट्या घराघरांत उरल्या; सर्व्हर बंद झाला की खोलीतील एकही खूण उरत नाही. तेथे कोण जमले, कोणास वगळले, कोणाचा शब्द मानला, याचा पुरावा केवळ खेळणाऱ्यांच्या तोंडी आहे. विटीदांडूची मोजणी संग्रहित झाली ती कोणीतरी मुलांना विचारले म्हणून. या खोल्यांतील पहिली पिढी आता तिशीत पोचली आहे, टेंभी नाक्यावरच भेटते आहे, आणि तिला विचारण्याजोगे पुष्कळ आहे.