बातमी, पण बिल कुणाचं? 2009 ची गोष्ट

आज जाऊया 2009 च्या विधानसभा निवडणुकीत. 13 ऑक्टोबरला मतदान झालं. तेव्हा व्हॉट्सअ‍ॅप फॉरवर्ड नव्हते. पेपरात छापून आलंय म्हणजे खरंच असणार, असं मानणारे घरोघरी होते.

त्या नोव्हेंबरमध्ये पी. साईनाथ यांनी 'द हिंदू'मध्ये एक विचित्र गोष्ट समोर आणली. तेव्हाचे मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांचं कौतुक करणारा एकच मजकूर, शब्दन् शब्द तोच, एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या मराठी पेपरांत बातमी म्हणून आला होता. आम्हा कोडवाल्यांच्या भाषेत सांगायचं तर डिफ काढला, फरक शून्य! अशी कौतुकाची 47 पूर्ण पानं साईनाथांनी जमवली. आणि निवडणूक खर्चाच्या हिशोबात पेपरातल्या जाहिरातींपुढे आकडा होता 5,379 रुपये.

चव्हाणांनी आरोप नाकारले. पैसे दिलेच नाहीत तर हिशोबात दाखवणार काय, असा त्यांचा बचाव.

पण उमेदवाराला जाहिरातीपेक्षा बातमी का हवी असते? एक तर जाहिरात दिसली की आपण पान उलटतो, बातमी मात्र विश्वासाने वाचतो. दुसरं, जास्त महत्त्वाचं: तेव्हा विधानसभेला खर्चाची मर्यादा होती 10 लाख. जाहिरातीची पावती फुटते, रोख देऊन छापून घेतलेल्या बातमीची नाही. म्हणजे मर्यादाही पाळल्यासारखी दिसते आणि टॅक्सही चुकतो. ज्याच्याकडे पैसे नाहीत, तो उमेदवार पेपरातून गायबच. मला हा भाग सगळ्यात वाईट वाटतो.

प्रेस कौन्सिलने दोन सदस्यांची उपसमिती नेमली. त्यांनी नावांसकट अहवाल दिला. कौन्सिलने 2010 मध्ये छोटी, नावं गाळलेली आवृत्ती काढली! पूर्ण अहवाल बाहेर यायला 2011 उजाडलं, तेही माहिती आयोगाच्या आदेशानंतर.

त्याच वर्षी उत्तर प्रदेशातल्या आमदार उमलेश यादव यांना निवडणूक आयोगाने तीन वर्षांसाठी अपात्र ठरवलं, छापून घेतलेल्या बातमीचा खर्च लपवला म्हणून. चव्हाणांचं प्रकरण मात्र लांबलं. खर्चाचा हिशोब खरा की खोटा हे आयोग तपासू शकतो, असं सुप्रीम कोर्टाने मे 2014 मध्ये सांगितलं. जुलैमध्ये आयोगाने त्यांना नोटीस दिली, सप्टेंबरमध्ये दिल्ली हायकोर्टाने आयोगाचा आदेश रद्द केला. मधल्या काळात, 2014 च्याच लोकसभेत, ते नांदेडमधून निवडूनही आले होते.