साचा : गिरणगाव ते निजामपुरा

गिरणी कामगारांच्या बोलीत मागाला ‘साचा’ म्हणत. याच नावाचा माहितीपट अंजली मोन्तेरो आणि के. पी. जयशंकर यांनी २००१ साली केला. त्यात घटना ओळीने सांगितलेल्या नाहीत. कवी नारायण सुर्वे आणि चित्रकार सुधीर पटवर्धन यांच्या आठवणी, कविता, चित्रे आणि मुंबईची दृश्ये एकात एक विणली आहेत. गिरणगाव कसे होते, एवढेच त्यात नाही. ते कसे आठवले जाते, हेही आहे.

या गोष्टीचा पुढचा भाग मला आपल्या भिवंडीत दिसतो. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला. गिरण्या थंडावल्या, पण कापड विणायचे थांबले नाही. आधीपासून यंत्रमागांकडे वळलेले काम आता आणखी वेगाने भिवंडीत आले. गिरणगावात थांबलेली खटखट इथल्या गल्ल्यांत वाढली. कामगारांचे हक्क मात्र तिच्यासोबत आले नाहीत. इथे बारा तासांची पाळी आणि मीटरवर मजुरी.

या शहराचे चित्रण मात्र कशाचे झाले? १९७० आणि १९८४ च्या दंगलींचे. ७ मे १९७० ला शिवजयंतीच्या मिरवणुकीत भडकलेल्या दंगलीवर न्यायमूर्ती मादन आयोगाचा सविस्तर अहवाल आहे, आणि तो वाचलाच पाहिजे. पण महापालिकेच्या नावातच ज्याचे नाव आहे, तो निजामपुरा बाहेरच्यांना फक्त ‘संवेदनशील भाग’ म्हणून ठाऊक असावा, हे मला मान्य नाही. डिसेंबर १९९२ मध्ये मुंबई जळत असताना भिवंडी शांत राहिली. पोलीस अधिकारी सुरेश खोपडे यांच्या पुढाकाराने १९८८ पासून उभ्या राहिलेल्या मोहल्ला कमिट्यांचा त्यात मोठा वाटा होता. न घडलेल्या दंगलीचे फुटेज कुठून मिळणार?

याचे एक उत्तर त्याच जोडीच्या ‘नाता’ (२००३) या माहितीपटात मिळते. धारावीत शांततेसाठी झटणारे भाऊ कोरडे आणि वकार खान यांची दोस्ती हाच त्याचा विषय. दिग्दर्शक स्वतःच्या घरची, स्वतःच्या ओळखीची गोष्टही त्यात आणतात. दुसऱ्याच्या मोहल्ल्याकडे बोट दाखवून ते स्वतः बाजूला राहत नाहीत.

भिवंडीत असे काम व्हायला हवे, आणि लवकर. जुने माग भंगारात जात आहेत. १९८२ साली तिशीत असलेला कारागीर आज सत्तरी ओलांडून गेला आहे. कोकणी मुसलमान, उत्तरेकडून आलेले मोमीन, तेलंगणातून आलेले पद्मशाली यांच्या आठवणी वेगवेगळ्या भाषांत आहेत. मोठा कॅमेरा येईपर्यंत थांबू नका. घरातल्या बुजुर्गांना मोबाईलसमोर बसवा आणि विचारा: पहिला माग कुठे चालवलात? शेजारच्या मागावर कोण होते? १९९२ च्या त्या रात्री नाक्यावर कोण कोण जागत होते? आणि बोलता बोलता ते गप्प झाले, तर रेकॉर्डिंग बंद करू नका.