म्हातारा

पोलादपूरच्या एसटी स्टँडवर कुणी 'म्हाताऱ्याला बसू द्या' म्हटलं, की त्यात माया असते; शब्द मात्र थकलेला वाटतो. मुळात तो तसा नव्हता. संस्कृत 'महत्तर' म्हणजे अधिक मोठा. जुन्या ताम्रपटांत जमीन दान देताना राजा गावच्या ज्या प्रमुखांना ते कळवी, त्यांत हे महत्तर असत. प्राकृतातून घासत घासत त्याचा 'म्हातारा' झाला. रायगडच्या किनारपट्टीवरचं 'म्हात्रे' आडनावही याच घरचं मानतात. 'वृद्ध'सुद्धा 'वृद्धी'चा सख्खा भाऊ, दोघांत धातू वाढण्याचा.

झिजणं आहे ते 'जरा' या शब्दात. ग्रीक 'गेरोन' तिचाच भाऊबंद. त्यावरून १९०३ मध्ये जीवशास्त्रज्ञ मेचनिकॉफ यांनी वार्धक्याच्या अभ्यासाला 'जेराँटॉलॉजी' हे नाव दिलं. अशाच अभ्यासासाठी मुंबईत देवनारच्या लोकसंख्या विज्ञान संस्थेने २०१७-१८ मध्ये ४५ वर्षांपुढची माणसं आणि त्यांचे जोडीदार अशा ७२ हजारांहून अधिक भारतीयांची पाहणी केली. मुठीची ताकद, चालण्याचा वेग, ऐकलेले शब्द किती आठवतात, हे मोजलं. घरात सोबत कोण, हेही विचारलं. हा शेवटचा प्रश्न मला फार मोलाचा वाटतो.

महाड-पोलादपूरच्या डोंगरवाड्यांतली तरणी माणसं पिढ्यान् पिढ्या मुंबईला जातात. मागे घर, गुरं, भाताची खाचरं म्हातारीच सांभाळते. बांधाची खूण कुठली, कोणत्या विहिरीला उन्हाळ्यात पाणी टिकतं, हे शिमग्याला आलेला चाकरमानी अजून तिलाच विचारतो.