सेंटर फील्डमधला पोरगा

रविवारची दुपार आहे, साल १९४८, आणि तुम्ही अलाबामा राज्यातल्या बर्मिंगहॅममध्ये रिकवुड फील्डवर येऊन बसला आहात. आजूबाजूची गर्दी चर्चमधून परस्पर इथे आलेली. पुरुषांच्या डोक्यावर हॅट, बायकांच्या अंगावर ठेवणीतले कपडे, पोरांच्या हातात शेंगदाण्यांच्या पुड्या. गावात पोलादाच्या भट्ट्या, त्यामुळे हवेला धुराचा वास आहे. मैदान १९१० सालचं. गोऱ्यांचा बेसबॉल संघ बर्मिंगहॅम बॅरन्स परगावी खेळायला गेला की ते काळ्यांच्या संघाला, ब्लॅक बॅरन्सना, वापरायला मिळतं. गोरे बॅरन्स खेळतात तेव्हा काळ्या प्रेक्षकांनी उजव्या टोकाच्या स्टँडमध्येच बसायचं असतं. आज मात्र यजमान तेच आहेत.

तिकीट काढताना खिडकीतला माणूस तुमच्या गव्हाळ रंगाकडे क्षणभर बघत राहिला, ते तुमच्या ध्यानात आलंच असेल. या शहराच्या कायद्याला दोनच रकाने ठाऊक आहेत: गोरे आणि काळे. शहराच्या पोलीस खात्याची सूत्रं ज्याच्या हाती आहेत तो युजीन ‘बुल’ कॉनर एकेकाळी रेडिओवर गोऱ्या बॅरन्सच्या सामन्यांचं धावतं वर्णन करायचा. १९६३ मध्ये हाच माणूस हक्क मागणाऱ्या शाळकरी मुलांवर कुत्रे सोडणार आहे, बंबाच्या पाण्याचे झोत मारणार आहे. तुम्हाला ते ठाऊक आहे, शेजारच्या बाकावरच्या कुटुंबाला नाही.

आता मैदानाकडे बघा. बेसबॉलचं मैदान पाचरीसारखं उघडत जातं. पाचरीच्या टोकाशी बॅटर, आणि पार लांब तीन आउटफिल्डर. मधल्याला सेंटर फील्डर म्हणतात. क्रिकेटमधल्या लाँग-ऑन आणि लाँग-ऑफची मिळून जेवढी जमीन होईल तेवढी त्याने एकट्याने राखायची. तिथे उभा असलेला पोरगा सतरा वर्षांचा आहे. नाव विली मेज. फार उंच नाही, पण खांदे आणि हाताचे पंजे वयाला न शोभणारे. उंच टोला येतो. बॅटचा आवाज तुमच्या कानावर पडायच्या आत पोरगा धावत सुटलेला असतो. चेंडूकडे तो बघतसुद्धा नाही, चेंडू जिथे पडणार आहे तिथे आधी जाऊन पोचतो आणि मग मान वर करतो. झेल घेतल्यावर एकच पाऊल, आणि चेंडू दुसऱ्या बेसवर, टप्पा न पडता. स्टँडमध्ये हशा पिकतो. अशी करामत बघितली की माणसाला आनंदानेच हसू फुटतं.

इथे त्याने मारलेल्या फटक्यांची नोंद मेजर लीगच्या, म्हणजे बेसबॉलच्या सर्वात वरच्या पायरीच्या, हिशेबात धरली जाणार नाही, कारण ही काळ्या खेळाडूंची वेगळी ‘नीग्रो लीग’ आहे. ते दहा फटके त्याच्या एकूण आकड्यात मिळवायला २०२४ साल उजाडावं लागेल. तोवर तो त्र्याण्णव वर्षांचा झालेला असेल, आणि ती बातमी आल्यावर महिन्याच्या आतच जाईल.

उद्या सोमवार, म्हणजे पोराला शाळा आहे. फेअरफिल्ड इंडस्ट्रियल हायस्कूल. त्या शाळेला बेसबॉलचा संघच नाही, त्यामुळे तिथे तो फुटबॉल आणि बास्केटबॉल खेळतो आणि धंदेशिक्षण म्हणून लाँड्रीतलं इस्त्रीकाम शिकतो. मुलाने पैसे घेऊन खेळायला सुरुवात केली म्हणून मुख्याध्यापक भडकले होते. अखेर ठरलं ते असं: शाळा चालू असेतोवर फक्त गावातले सामने, गावाबाहेरचे दौरे सुट्टीत. वडिलांनीही तीच अट घातली होती. वडील पोलाद कारखान्यांच्या संघांमधून खेळलेले. मांजरासारख्या चपळाईमुळे त्यांना ‘कॅट’ म्हणत.

ही अट ज्याने मान्य केली त्या माणसाकडे नीट बघून घ्या, कारण माझ्या मते या गोष्टीत विलीच्या खालोखाल मोठा माणूस तोच आहे. डगआउटच्या पायरीवर उभा असलेला तो लांबलचक माणूस म्हणजे पायपर डेव्हिस, ब्लॅक बॅरन्सचा खेळाडू आणि मॅनेजर. विलीचे वडील त्याच्याबरोबर खेळले होते. शाळकरी पोराला संघात घेतल्यावर जुने खेळाडू कुरकुरले, तेव्हा ज्याला पटत नसेल त्याने गणवेश उतरवून चालू लागावं, असं त्याने बजावलं. पोरगा कर्व्हबॉलला फसतो हे त्याला दिसतंय. चेंडू अंगावर येतोसं वाटून ऐन वेळी वळतो आणि पोरगा आधीच मागे सरकलेला असतो. डेव्हिस त्याला खांदा कसा धरायचा, पाय कुठे रोवायचा, हे रोज पुन्हा पुन्हा दाखवतो. मेज पुढे आयुष्यभर एक आठवण सांगत राहिला. पिचरने जोरात अंगावर टाकलेल्या चेंडूने तो जमिनीवर कोसळला, डोळ्यांत पाणी. डेव्हिस आला, पण त्याने हात दिला नाही. पहिला बेस दिसतोय का, एवढंच विचारलं. दिसत असेल तर ऊठ, तिथे जा, मग दुसरा बेस चोर, मग तिसरा. पोरगा उठला आणि तसंच केलं.

त्या वर्षी ब्लॅक बॅरन्सनी आपली लीग जिंकली, पण अंतिम मालिकेत ते होमस्टेड ग्रेजकडून हरले. जॅकी रॉबिन्सनने काळ्या खेळाडूंसाठी मेजर लीगचं दार उघडलं त्याला तेव्हा जेमतेम दीड वर्ष झालं होतं. दार उघडलं होतं खरं, पण किलकिलंच.

आता दोन वर्षं पुढे चला. १९५० मध्ये मेजर लीगमधल्या न्यू यॉर्क जायंट्सचे स्काउट, म्हणजे खेळाडू हेरणारे, बर्मिंगहॅमला येतात ते अलोंझो पेरी नावाचा दुसराच खेळाडू बघायला, आणि त्यांच्यातल्या एड माँटॅग्यूची नजर सेंटर फील्डवर खिळते. हायस्कूल संपताच जूनमध्ये करार होतो. विलीला ४,००० डॉलर, ब्लॅक बॅरन्सच्या मालकाला १०,०००. बोस्टन रेड सॉक्सनाही हा पोरगा मिळू शकला असता, त्यांच्या स्काउटने त्याला पाहिलं होतं. संघाने नको म्हटलं. त्याच रेड सॉक्सनी त्याच वर्षी पायपर डेव्हिसला घेतलं होतं. तो त्यांनी करारबद्ध केलेला पहिला काळा खेळाडू. खालच्या स्क्रँटन संघात पंधरा सामने त्याला खेळवलं, तो छान खेळत होता, आणि तरी मे महिन्यात नारळ दिला.

विलीची पहिली नेमणूक ट्रेंटन, न्यू जर्सी. मायनर लीगमधली खालची पायरी. पहिलाच सामना मेरीलँडमधल्या हेगर्सटाउनला. आज रात्री तुम्ही त्याच्या सोबतच राहा. संघ गोऱ्यांच्या हॉटेलात उतरतो आणि बस एकट्या विलीला गावाच्या दुसऱ्या टोकाला, काळ्यांच्या हॉटेलवर सोडते. एकोणीस वर्षांचं पोर. ब्लॅक बॅरन्सच्या बसमध्ये सगळे आपले होते. हॉटेलांचे दरवाजे बंद असायचे ते सगळ्यांनाच, त्यामुळे अपमान निदान वाटून घेता यायचा. इथे खोलीत तो, एक खाट आणि मैदानावर ऐकलेल्या शिव्या. मध्यरात्रीच्या सुमाराला खिडकीवर टकटक होते. ट्रेंटन संघातले काही गोरे सहकारी खिडकीतून आत चढतात आणि त्याच्या खोलीत जमिनीवर अंग टाकतात. पहाटे आले तसे निघून जातात. मेजने ही गोष्ट पुढे अनेकदा सांगितली. त्या रात्री त्या पोरांनी भाषण केलं नाही की निवेदन काढलं नाही, नुसते येऊन झोपले. मला ती रात्र विलीच्या पुढच्या कित्येक होमरनांहून मोलाची वाटते.

ट्रेंटनला ८१ सामन्यांत सरासरी .३५३. बेसबॉलमध्ये .३०० म्हणजे उत्तम बॅटर. १९५१ च्या वसंतात बढती, मिनिॲपोलिस मिलर्स, मेजर लीगच्या एकच पायरी खाली. तिथे ३५ सामन्यांत .४७७. बॅट हातात घेतली की जवळजवळ निम्म्या वेळा हिट! या पायरीवर असा आकडा सहसा बघायला मिळत नाही.

मे महिन्यात आयोवामधल्या सू सिटीत मिलर्स सामना खेळायला आलेत आणि विली थिएटरात सिनेमा बघतोय. मध्येच पुकारा होतो, विली मेज असतील तर बाहेर यावं. फोनवर न्यू यॉर्कहून जायंट्सचा मॅनेजर लिओ ड्यूरोशर आहे, आणि पोरगा यायला नकार देतोय. मेजर लीगचं पिचिंग मला झेपणार नाही, म्हणतो. ड्यूरोशर विचारतो, तिथे सरासरी किती? .४७७ ऐकल्यावर त्याचा पुढचा प्रश्न एवढाच की माझ्यासाठी .२५० तरी मारशील का. इकडे जायंट्सचे मालक मिनिॲपोलिसच्या वर्तमानपत्रात जाहिरात देऊन, तुमचा लाडका खेळाडू नेतोय म्हणून तिथल्या प्रेक्षकांची माफी मागतात.

२५ मे, फिलाडेल्फिया. पाच वेळा बॅटिंग, पाचही वेळा रिकाम्या हाताने परत. तीन सामन्यांनंतर हिशेब बारातून शून्य. मग २८ मेच्या रात्री न्यू यॉर्कचं पोलो ग्राउंड्स, समोर बोस्टन ब्रेव्ह्जचा डावखुरा वॉरन स्पान, त्या काळातल्या सर्वोत्तम पिचरांपैकी एक. पहिल्याच डावात विलीचा टोला डाव्या बाजूच्या छपरावरून बाहेर जातो. स्टँड डोक्यावर घेतात लोक. तुम्हीही ओरडा. पण एवढ्यावर कोरडा दुष्काळ संपला असं समजू नका. पुढे पुन्हा काही नाही. एकूण सव्वीसातून एक.

म्हणून सामना संपल्यावर ड्रेसिंग रूममध्ये चला. विली आपल्या जागेवर बसून रडतोय, उघडपणे, हुंदके देत. ड्यूरोशर तोंडाचा फटकळ, भांडकुदळ म्हणून प्रसिद्ध. १९४७ चा अख्खा हंगाम त्याला निलंबनात काढावा लागला होता. तो येऊन पोराच्या शेजारी बसतो. मला परत मिनिॲपोलिसला पाठवा, विली म्हणतो. ड्यूरोशर त्याला सांगतो की मी इथे मॅनेजर आहे तोवर सेंटर फील्डला तूच. बॅटिंगचा क्रम खाली आठव्यावर नेऊन तो त्याच्यावरचा भार हलका करतो. पायपरने हात दिला नव्हता, याने खांद्यावर हात ठेवला. कुठल्या वेळी काय करायचं हे दोघांनाही बरोबर कळलं होतं.

त्यानंतर विलीची बॅट बोलू लागते. तो हार्लेममध्ये, मैदानाच्या जवळच एका कुटुंबाकडे राहतो. दिवसा जायंट्सकडून खेळतो आणि संध्याकाळी १५५ व्या रस्त्याच्या आसपास गल्लीतल्या पोरांबरोबर स्टिकबॉल: झाडूचा दांडा हीच बॅट, रबरी चेंडू. त्या पोरांच्या घोळक्यात उभे राहिलात तर एक गोष्ट मनात येऊ द्या. इथून चाळीसेक गल्ल्या दक्षिणेला कोलंबिया विद्यापीठ आहे, जिथे १९१३ ते १९१६ बाबासाहेब आंबेडकर शिकले. १९४६ मध्ये त्यांनी कृष्णवर्णीयांचे विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डुबॉइस यांना पत्र लिहिलं. अस्पृश्यांचा प्रश्न आणि कृष्णवर्णीयांचा प्रश्न यांच्यातलं साम्य बाबासाहेबांना स्पष्ट दिसत होतं.

१५ ऑगस्ट १९५१. ब्रुकलिन डॉजर्सविरुद्ध, आठवा डाव, १-१. डॉजर्सचा बिली कॉक्स तिसऱ्या बेसवर, एक बाद. कार्ल फ्युरिलोचा उंच फटका उजवीकडे जातो. विली डावीकडे झेपावत धावतो आणि झेल घेतो खरा, पण आता त्याचं सगळं शरीर घरच्या प्लेटपासून दूर चाललंय आणि कॉक्स तिथूनच निघालाय. थांबून, पाय रोवून, वळून फेकायला वेळ नाही. विली थांबतच नाही. डाव्या अंगाने गर्रकन पूर्ण गिरकी घेतो, प्लेटकडे पाठ असतानाच हात सुटायला लागतो, आणि गिरकी पूर्ण होताना टोपी उडते, चेंडू सुटतो. कॅचर वेस वेस्ट्रमच्या ग्लोव्हमध्ये तो थेट येऊन बसतो. कॉक्स बाद. नंतरच्या अर्ध्या डावात विली हिट मारतो, वेस्ट्रम होमरन मारतो, ३-१. ऑगस्टमध्ये तेरा सामन्यांनी मागे असलेले जायंट्स लागोपाठच्या विजयांच्या लाटेवर डॉजर्सना गाठतात. त्या पराक्रमात एक काळंबेरंही होतं: सेंटर फील्डमागच्या क्लबहाउसातून दुर्बिणीने प्रतिस्पर्धी कॅचरच्या खुणा चोरल्या जात होत्या, हे पन्नास वर्षांनी उघड झालं. त्या थ्रोला मात्र कुठली दुर्बीण उपयोगी पडली असती?

३ ऑक्टोबरला डॉजर्सविरुद्धच, विलीचा सहकारी बॉबी थॉमसनच्या शेवटच्या होमरनने जायंट्स लीग जिंकतात. तेव्हा पुढचा बॅटर म्हणून रांगेत उभा असलेला पोरगा विलीच आहे. दुसऱ्याच दिवशी यँकी स्टेडियममध्ये वर्ल्ड सिरीज. डॉन म्यूलरचा घोटा दुखावलाय, म्हणून जायंट्सच्या आउटफिल्डमध्ये डावीकडे माँटी अर्विन, मध्ये विली मेज, उजवीकडे हँक थॉम्पसन. तिघेही काळे. वर्ल्ड सिरीजमध्ये असं याआधी कधीच झालं नव्हतं. अर्विन बत्तीस वर्षांचा आहे. उमेदीची कित्येक वर्षं त्याने नीग्रो लीगमध्ये काढली. पहिल्याच डावात तो थेट घरचा बेस चोरतो, सामन्यात चार हिट मारतो आणि जायंट्स ५-१ ने जिंकतात. मालिका पुढे यँकीज जिंकतात आणि विलीची सरासरी .१८२ वर अडकते. पण त्या वर्षीचा सर्वोत्तम नवखा खेळाडू तोच ठरतो.

त्या हंगामात पायपर डेव्हिस तीन हजार मैलांवर कॅलिफोर्नियात, ऑकलंडच्या मायनर लीग संघात खेळत होता. पुढे कित्येक वर्षं खेळला. मग स्काउट झाला, दुसऱ्यांच्या पोरांना हेरून वर पाठवू लागला. मेजर लीगमध्ये एकदाही त्याला बॅट हातात घेऊ दिली गेली नाही.