ओला पट्टा

छातीवर बांधायचा हार्ट रेटचा पट्टा विकत घेतला की सोबतच्या कागदावर पहिल्या दोन-तीन ओळींतच सूचना असते: बांधण्याआधी ओला करा. काहीजण तो नळाखाली धरतात. बरेच सायकलवाले आणि धावपटू सरळ जीभ फिरवून मोकळे होतात. जिममध्ये हे पहिल्यांदा बघणारा तोंड वाकडं करतो, पण त्या ओलाव्याशिवाय ट्रेडमिलच्या पडद्यावर आकडा येत नाही. हृदयाच्या प्रत्येक ठोक्याबरोबर विजेची एक लाट उठते. त्वचेपर्यंत पोचेस्तोवर ती जेमतेम मिलिव्होल्टभर उरते आणि कोरडी त्वचा तिला वाट देत नाही. खारं पाणी देतं. एकदा घाम आला की काम भागतं, पण पहिली पाच मिनिटं घाम आणायचा कुठून?

खाऱ्या पाण्याचा हा उपाय पट्ट्याहून बराच जुना आहे. ऑगस्टस वॉलर यांनी लंडनमध्ये १८८७ साली माणसाच्या हृदयाची वीज पहिल्यांदा शरीराच्या बाहेरून टिपली. त्यांचा जिमी नावाचा बुलडॉग होता. प्रात्यक्षिकाच्या वेळी तो मिठाच्या पाण्यात पाय बुडवून निमूट उभा राहायचा. १९०९ मध्ये यावरून ब्रिटिश संसदेत प्राण्याच्या छळाबद्दल प्रश्नसुद्धा विचारला गेला. हॉलंडमधल्या लायडनमध्ये विलेम आइंथोवेन यांनी हेच मोजमाप कितीतरी अचूक केलं. चुंबकाच्या दोन ध्रुवांमध्ये ताणलेली, केसाहून बारीक अशी चांदीच्या मुलाम्याची तार आणि तिची थरथर टिपणारा कॅमेरा, असं ते यंत्र. वजन सुमारे २७० किलो, चालवायला पाच माणसं. रुग्णाने हातपाय मिठाच्या पाण्याच्या भांड्यांत घालून बसायचं. यंत्र रुग्णालयात नेणं शक्यच नव्हतं, म्हणून १९०५ मध्ये आइंथोवेन यांनी दीड किलोमीटरवरच्या रुग्णांचे ठोके टेलिफोनच्या तारेतून प्रयोगशाळेत आणले. ईसीजीच्या कागदावर दिसणाऱ्या चढउतारांना पी, क्यू, आर, एस, टी ही नावं त्यांचीच. १९२४ चं नोबेल त्यांना मिळालं.

यातलं ‘आर’ हे अक्षर लक्षात ठेवा. ते मधलं सर्वांत उंच टोक. जिमची सगळी गोष्ट त्याच्यावर उभी आहे.

पुढची अडचण होती माणूस हलताना मोजण्याची. अमेरिकेत मोंटाना राज्यातल्या हेलेना गावी नॉर्मन होल्टर यांनी १९४० च्या दशकाच्या शेवटी सुमारे ३८ किलोचं रेडिओयंत्र पाठीवर बांधलं आणि जागच्या जागी चालणाऱ्या सायकलवर बसून पॅडल मारले. तारेशिवाय, व्यायाम करता करता, ईसीजी हवेतून पलीकडे गेला. डॉक्टर आज चोवीस तासांसाठी ‘होल्टर लावतात’, त्यातले होल्टर हेच. पाठीवर तेवढं ओझं घेऊन पॅडल मारणाऱ्या माणसाचा ठोका नेमका कशामुळे वाढला असेल, हा प्रश्न मला ते छायाचित्र पाहताना दर वेळी पडतो.

ओझं उतरलं ते फिनलंडमध्ये, आणि तिथे ते उतरायला कारण होतं. क्रॉस-कंट्री स्कीइंग हा त्या देशाचा जीव की प्राण. या खेळात दोन्ही हातांत काठ्या, हातमोजे जाड, वर गोठवणारी थंडी. नाडी मोजायची तर थांबा, हातमोजा काढा, मानेवर बोटं ठेवा. थांबल्याबरोबर ठोके उतरू लागतात, म्हणजे जे मोजायचं तेच निसटतं. १९७५ च्या सुमारास बर्फातल्या धावपट्टीवर एका प्रशिक्षकाने नेमकी हीच तक्रार आपल्या मित्राला सांगितली. मित्र होता सेप्पो सायनायाकांगास, औलू विद्यापीठातला इलेक्ट्रॉनिक्सचा माणूस. १९७७ मध्ये त्यांनी औलूजवळ केम्पेले गावात पोलार ही कंपनी काढली. १९७८ मध्ये बोटाच्या टोकावर नाडी मोजणारं बॅटरीवरचं यंत्र आलं, १९७९ मध्ये बिनतारी मापनाच्या पेटंटसाठी अर्ज झाला आणि १९८२ मध्ये ‘स्पोर्ट टेस्टर पीई २०००’ बाजारात आलं: छातीवर पट्टा, मनगटावर घड्याळ, मध्ये तार नाही.

२७० किलोचं यंत्र छातीवर मावेल इतकं झालं, याचं श्रेय आपण सहसा ट्रान्झिस्टर आणि चिप्सना देऊन टाकतो. ते खरंच आहे. पण या पट्ट्याने आणखी एक गोष्ट केली. त्याने आइंथोवेन यांच्या वळणदार रेषेतलं जवळजवळ सगळं फेकून दिलं. पी नको, टी नको, लाटेचा आकार नको. फक्त ‘आर’चं टोक आलं की एक टिचकी पाठवायची. पुढचं टोक आलं की पुढची टिचकी. दोन टिचक्यांमधला वेळ मोजला की मिनिटाला किती ठोके ते कळलं. स्कीइंगच्या प्रशिक्षकाला हवं होतं तेवढंच यात होतं.

ही टिचकी जाते कशी? सुमारे ५ किलोहर्ट्झच्या चुंबकीय क्षेत्रातून. पट्ट्यात तारेचं एक वेटोळं, घड्याळात दुसरं. एकातलं क्षेत्र बदललं की दुसऱ्यात किंचित वीज निर्माण होते. डीपीवरच्या ट्रान्सफॉर्मरचं तत्त्व, फक्त मधलं लोखंड काढून टाकलेलं. असं क्षेत्र अंतराबरोबर भराभर विरतं, त्यामुळे त्याचा आवाका साधारण मीटरभर. पाण्यातून मात्र ते आरपार जातं, म्हणून पोहणाऱ्यांनाही चालतं. छातीपासून मनगटापर्यंत मीटरभर पुरेसं होतं.

आणि योगायोगाने ट्रेडमिलवर पळणाऱ्याच्या छातीपासून समोरच्या पडद्यापर्यंतही तेवढंच अंतर असतं.

घरोघरची ट्रेडमिल तोवर आलेली होती. केनेथ कूपर यांचं ‘एरोबिक्स’ हे पुस्तक १९६८ मध्ये निघालं. ते वाचून न्यू जर्सीतल्या विल्यम स्टॉब या इंजिनिअरने घरात ठेवता येईल असं स्वस्त यंत्र बनवलं. पुढे जिमच्या यंत्रांवर छोटे संगणक बसले आणि उत्पादकांनी त्या पडद्यामागे ५ किलोहर्ट्झ ऐकणारं वेटोळं बसवायला सुरुवात केली. जोडणी नाही, पासवर्ड नाही, खातं उघडायचं नाही. पट्टा बांधून यंत्रासमोर उभं राहिलं की हृदयाचं चित्र लुकलुकू लागायचं. ट्रेडमिल एका कंपनीची, सायकल दुसरीची, पट्टा तिसऱ्याचा, तरी चालायचं. आज नवं घड्याळ फोनला जोडताना जो वैताग येतो तो आठवून बघा.

पण ज्याला नाव विचारायची सवय नाही त्याला कोण आलंय हेही कळत नाही. टिचकीवर मालकाचं नाव नव्हतं. आमच्या जिममध्ये खिडकीकडेला दोन जुन्या ट्रेडमिल अगदी खेटून आहेत. मी एकदा पट्टा न बांधता त्यातल्या एकीवर आरामात चालत होतो आणि पडद्यावर १६८ आलं. शेजारी एक मुलगी जिवाच्या आकांताने पळत होती. तो आकडा तिचा होता. दोघांनीही पट्टे बांधले असतील तर दोन्हींच्या टिचक्या एकमेकांत मिसळतात आणि यंत्र काहीतरी भलतंच दाखवतं. जवळची मोटर आणि जुने टीव्हीसुद्धा त्यात गोंगाट घालायचे.

आकडा चुकीचा दिसला तर हसून सोडता येतो. पण लवकरच यंत्रं आकड्याचं ऐकून वागू लागली. हार्ट रेट प्रोग्रॅम लावला की वय विचारलं जातं, यंत्र एक लक्ष्य ठरवतं आणि ठोके कमी पडले की चढ वाढवतं, जास्त झाले की उतरवतं. म्हणजे शेजारणीच्या हृदयावरून तुमचा चढ ठरण्याची शक्यता आली. यावर उपाय म्हणून कंपन्यांनी टिचकीला सांकेतिक क्रमांक जोडणारे पट्टे काढले. त्यात घड्याळांची सोय झाली, पण जिमच्या बऱ्याच यंत्रांना तो संकेत कळत नव्हता. त्यांना जुनी, बिननावाची टिचकीच लागायची.

यंत्राने वय विचारलं, त्याचाही इतिहास बघण्यासारखा आहे. २२० वजा वय म्हणजे तुमचे कमाल ठोके, हे सूत्र जिमच्या भिंतीवरच्या रंगीत तक्त्यात असतं, यंत्राच्या आत असतं, ट्रेनरच्या तोंडी असतं. १९७० च्या सुमारास सॅम्युएल फॉक्स आणि विल्यम हॅस्केल हे दोन अमेरिकन संशोधक हृदयरुग्णांना किती व्यायाम झेपेल याचा विचार करत होते. हॅस्केल यांनी आधी छापून आलेल्या दहाएक अभ्यासांतले आकडे गोळा केले. बैठकीला जाताना विमानात त्यांनी तो आलेख फॉक्स यांना दाखवला. ठिपक्यांमधून रेघ ओढली तर विसाव्या वर्षी २००, चाळिसाव्या वर्षी १८०, साठाव्या वर्षी १६० असं दिसत होतं. सूत्र तयार झालं. त्या अभ्यासांतली माणसं सर्वसाधारण लोकसंख्येचा नमुना म्हणून निवडलेलीच नव्हती. बहुतेक पंचावन्नच्या आतली, काही धूम्रपान करणारी, काही हृदयरोगी. हॅस्केल यांनी पुढे स्वतःच हे मोकळेपणाने सांगितलं.

२००१ मध्ये तानाका आणि सहकाऱ्यांनी ३५१ अभ्यासांतल्या १८,७१२ लोकांची आकडेवारी एकत्र करून दुसरं सूत्र दिलं: २०८ वजा वयाच्या ०.७ पट. चाळिशीत दोन्ही सूत्रं १८० वरच येतात. पासष्टीत जुनं १५५ सांगतं, नवं १६२ च्या वर. पण कुठलंही सूत्र घेतलं तरी एकाच वयाच्या दोन धडधाकट माणसांत दहा-बारा ठोक्यांचा फरक सहज पडतो. ज्यांना रक्तदाबासाठी बीटा-ब्लॉकर गोळी चालू आहे, त्यांचे ठोके औषधानेच रोखलेले असतात. भिंतीवरचा तक्ता त्यांच्यासाठी निरुपयोगी आहे. तरी ट्रेडमिल गोळ्यांबद्दल विचारत नाही. माझ्या जिममध्ये साठीच्या एका काकांना ट्रेनर ‘अजून फॅट बर्न झोनमध्ये पण नाही आलात’ म्हणून वेग वाढवायला सांगत होता. काका धापा टाकत होते. त्याचं लक्ष पडद्याकडे होतं.

आपल्याकडे तालमीत वस्ताद पठ्ठ्याचा दम त्याच्या चेहऱ्यावरून आणि श्वासाच्या आवाजावरून ओळखायचा. हे मी गतकाळाच्या उमाळ्याने सांगत नाही. स्वीडनचे मानसशास्त्रज्ञ गुन्नार बोर्ग यांनी याच गोष्टीची रीतसर मोजपट्टी केली: व्यायाम किती जड वाटतोय ते ६ ते २० मध्ये सांगा. आकडे असे विचित्र का? कारण त्यांना दहाने गुणलं की निरोगी तरुणाचे ठोके अंदाजे मिळतात. ही पट्टी डॉक्टर अजून वापरतात, गोळी चालू असलेल्यांसाठी तर विशेष.

२०२२ च्या ऑगस्टमध्ये विनोदवीर राजू श्रीवास्तव दिल्लीच्या एका जिममध्ये ट्रेडमिलवर असताना कोसळले. सप्टेंबरमध्ये ते गेले. त्यानंतर आमच्या जिममध्ये अचानक पट्टे आणि घड्याळं दिसू लागली. भीती समजण्यासारखी आहे. पण पट्टा बांधला म्हणजे हृदयावर कुणाची तरी नजर आहे, असं समजणाऱ्यांना मी त्या फेकून दिलेल्या अक्षरांची आठवण करून देतो. रक्तवाहिनी तुंबत असल्याची खूण ईसीजीत बहुधा एस आणि टी यांच्यामधल्या तुकड्यात दिसते. तो तुकडा पट्टा पुढे पाठवतच नाही. सिअॅटलचे डॉक्टर रॉबर्ट ब्रूस यांनी १९६३ मध्ये बसवून दिलेली ट्रेडमिलची चाचणी, म्हणजे आपली टीएमटी, याच तुकड्यासाठी असते. दर तीन मिनिटांनी वेग आणि चढ वाढतो, अंगावर दहा इलेक्ट्रोड असतात आणि शेजारी डॉक्टर उभा असतो. जिममधल्या ट्रेडमिलसमोर दोन इलेक्ट्रोड बांधलेला माणूस एकटा असतो. पडद्यावर १४२ दिसतंय याचा अर्थ मिनिटाला १४२ ठोके, एवढाच. छातीत जडपणा, डाव्या हातात कळ, डोळ्यांपुढे अंधारी असेल तर १४२ काय नि ११० काय, उतरायचं.

तेवढ्या एका कामात मात्र पट्ट्याचा हात धरणारं अजून फारसं कुणी नाही. मनगटावरचं घड्याळ हिरवा प्रकाश टाकून रक्ताची ये-जा बघतं. हात हलला, पट्टी सैल झाली की गोंधळतं. अमेरिकेतल्या क्लीव्हलँड क्लिनिकच्या संशोधकांनी २०१७ मध्ये ५० जणांना ट्रेडमिलवर चालवून-पळवून पाहिलं. ईसीजीशी पट्ट्याचा मेळ ०.९९ बसला, घड्याळांचा ०.८३ ते ०.९१.

दरम्यान ब्लूटूथ आणि अँट प्लस आले. आता टिचकीला नाव आहे, शेजारणीचे ठोके माझ्या पडद्यावर येत नाहीत. २०१७ मध्ये अॅपलने घड्याळ यंत्राला टेकवून जोडायची सोय काढली. त्यासाठी घड्याळही त्यांचंच हवं आणि यंत्रही ती सोय असलेलं. फोन तीन वर्षांत बदलतो, जिमवाला ट्रेडमिल दहा-पंधरा वर्षं ओढतो. म्हणून पोलारचा एच १० हा पट्टा ब्लूटूथ आणि अँट प्लसच्या जोडीला ५ किलोहर्ट्झची जुनी टिचकीही देतो. अॅपमध्ये ती बंद करता येते. मी एरवी बंदच ठेवतो. खिडकीकडची ट्रेडमिल रिकामी मिळाली की चालू करतो, आणि शेजारी कोण आहे ते आधी बघतो.