कोंडिविटे : शिवार गेलेले गाव

अंधेरी पूर्वेच्या ‘सीप्झ’च्या मूळ नावात सांताक्रूझ आहे, जमीन मात्र सांताक्रूझची नव्हे. ती साष्टीतल्या कोंडिविटे-मरोळ परिसरातल्या गावांची. गाव शहरात गेले म्हणजे नेमके काय गेले, हे येथे स्पष्ट दिसते.

ही वस्ती फार जुनी. जवळच्या टेकडीतली बौद्ध लेणी आज महाकाली लेणी म्हणून ओळखली जातात. तेथल्या चैत्यगृहात स्तूपाभोवती गोल खोली कोरलेली असून तिला जाळीच्या खिडक्या आहेत. गवताने शाकारलेल्या झोपडीची घडणच कारागिरांनी दगडात उतरवली आहे.

पोर्तुगीज अमलात, १५७९ साली, जेझुइट पाद्र्यांनी येथे सेंट जॉन द बॅप्टिस्ट चर्च उभारले. १७३९ मध्ये साष्टी मराठ्यांकडे आली, १७७४ मध्ये इंग्रजांकडे गेली. राज्ये बदलली, भातशेती चालूच राहिली. १८४० मध्ये साथ आली, तेव्हा चर्च सोडून मरोळला नवे बांधण्यात आले. देऊळ हलले तरी शेते जागेवरच होती. येथल्या मराठी बोलणाऱ्या ख्रिस्ती समाजाने १८८७ मध्ये ‘ईस्ट इंडियन’ हे नाव घेतले. नोकरीसाठी मुंबईत आलेल्या गोवेकर ख्रिस्त्यांहून आपण वेगळे, इथले भूमिपुत्र, हे त्यातून सांगायचे होते.

१९५० साली महापालिकेची हद्द अंधेरी-जोगेश्वरीपर्यंत आली, १९५७ मध्ये दहिसर-मुलुंडपर्यंत. पण हद्द बदलल्याने गाव मोडत नाही. ते मोडले पुढे. १९६२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले, मरोळ परिसरात औद्योगिक वसाहतीसाठी जमिनी घेतल्या गेल्या आणि १९७३ मध्ये सीप्झ सुरू झाले. भातखाचरांच्या जागी इलेक्ट्रॉनिक वस्तूंचे आणि नंतर दागिन्यांचे कारखाने आले.

गाव म्हणजे गावठाण आणि शिवार. संपादनात शिवार जाते आणि मोबदला सातबाऱ्यावर नाव असलेल्या खातेदाराला मिळतो. पण खळे, गुरांची वाट, लावणीची मजुरी यांवर जगणाऱ्याचे नाव सातबाऱ्यावर नसते. मागे उरते गावठाण. तेथल्या घरजागेला शेतसारा नसे, म्हणून सातबाराही नसे. शेती असताना हे कोणाला खुपले नाही. शेती गेल्यावर मात्र पिढीजात घराची मालकी सिद्ध करायला कागद अपुरे पडतात आणि अरुंद गल्ल्या पाहून नवखा माणूस जुन्या गावालाच झोपडपट्टी समजतो. म्हणून गावठाणाची हद्द नकाशावर नीट नोंदवणे ही केवळ कारकुनी बाब नाही. उरलेल्या गावाचा तो एकमेव दाखला आहे.

जुन्या चर्चचे भग्न अवशेष आज सीप्झच्या कुंपणाआत आहेत. दरवर्षी मे महिन्यात तेथे मिस्सा होते. एरवी आत जायला परवाना लागतो. ज्यांच्या पूर्वजांनी ही जमीन कसली, त्यांनाही.